अख्खी कोंबडी रोस्ट करताना ब्रेस्ट कोरडं आणि तंगडीच्या सांध्याशी कच्चं: दर वेळी हेच होत असेल तर

आधी ज्यांची कोंबडी आत्ता ओव्हनमधून बाहेर आलीये आणि तंगडी ओढून बघितल्यावर सांध्यापाशी मऊ, पारदर्शक गुलाबी मांस दिसतंय त्यांच्यासाठी. अख्खी कोंबडी परत आत ढकलू नका. दोन्ही तंगड्या मांडीसकट सांध्यातून कापून वेगळ्या करा, ट्रेमध्ये कातडी वर करून ठेवा आणि फक्त त्या २०० डिग्रीला १२ ते १५ मिनिटं परत लावा, मधला ब्रेस्टचा भाग बाहेरच राहू दे, वर फॉइल सैल टाकून. ब्रेस्ट झालेलं असतं, ते परत आत गेलं की त्याचा भुसा होतो. आणि पाहुणे पानावर बसलेत म्हणून तसंच वाढू नका, कच्च्या चिकनमध्ये साल्मोनेला, कॅम्पिलोबॅक्टर असे जंतू असू शकतात, पंधरा मिनिटं उशीर झाला तर कुणी रागावत नाही.

आता मूळ प्रॉब्लेम. मी तीन वर्षं घरच्या ओटीजीत (म्हणजे ओट्यावरचा छोटा विजेचा ओव्हन) रोस्ट चिकन करतेय, रोझमेरी, थाइम, लसूण, बटर, लिंबू असं साधंच, आणि पहिली दोन वर्षं जवळजवळ प्रत्येक वेळी एकच रडगाणं, वरून सुंदर रंग, ब्रेस्ट कापलं की धागे धागे सुटतायत आणि मांडीच्या आतल्या बाजूला कच्चं. आमच्याकडे सासूबाईंना रोस्ट आवडतं पण त्यांना कवळी आहे, कोरडं मांस त्यांना चावत नाही, त्या दोन घास खाऊन "छान झालंय गं" म्हणून बाजूला ठेवायच्या आणि मला ते दिसायचं. म्हणून मी हे नीट मागे लागून शोधलं.

पहिली चूक म्हणजे मी वेळ बदलत बसले. रेसिपीत असतं ना, अर्धा किलोला वीस मिनिटं आणि वर वीस, तसं मी आधी ७० मिनिटं ठेवलं, मग ९०, मग १८० डिग्रीला शंभर मिनिटं. वेळ वाढवली की तंगडी शिजते पण ब्रेस्ट मरतं, कमी केली की ब्रेस्ट बरं आणि तंगडी कच्ची. वेळेने हा प्रश्न सुटणारच नाही, कारण कोंबडी एक असली तरी तिच्यात मांस दोन प्रकारचं आहे. ब्रेस्ट म्हणजे चरबी जवळपास नसलेलं मांस, ६५ डिग्रीच्या पुढे त्याचे धागे आकसून पाणी बाहेर ढकलायला लागतात आणि ८० ला ते संपलेलं असतं. मांडी आणि तंगडी चालून चालून घट्ट झालेली, तिच्यात कोलॅजन, म्हणजे मांस बांधून ठेवणारं चिवट प्रथिन, भरपूर, ते विरघळून मऊ व्हायला ८० च्या आसपास जावं लागतं, ७० ला ती खाल्ली तर चिवट लागते. म्हणजे आपल्याला एकाच वेळी एका भागात ७४ आणि दुसऱ्या भागात ८०-८५ पाहिजे, आणि गंमत अशी की कोंबडीची ठेवणच उलटी आहे, ब्रेस्ट उघडं वर आणि मांडीचा सांधा आत, जाड, शरीराला चिकटलेला. त्यात आपल्या छोट्या ओटीजीत वरचा तापणारा रॉड ब्रेस्टपासून जेमतेम चार बोटांवर. जे कमी तापायला पाहिजे तेच जास्त तापतं.

हे डोक्यात बसलं की पुढचं सगळं आपोआप लागतं, कारण प्रत्येक उपाय म्हणजे मांडीला पुढे नेणं नाहीतर ब्रेस्टला मागे धरणं.

पण त्याआधी थर्मामीटर घ्या. मला माहितीये घरात लोक म्हणतात चिकनला काय थर्मामीटर लावतेस, पण खरंच सांगते, सुई असलेला डिजिटल थर्मामीटर साधारण मसाला डब्याच्या किमतीत येतो आणि त्याच्याशिवाय हे सगळं अंदाजपंचे आहे. आणल्यावर तो तपासून घ्या, बर्फाच्या पाण्यात शून्य दाखवायला हवा आणि उकळत्या पाण्यात शंभर, पण पुण्यात शंभर नाही दाखवणार, आपण समुद्रसपाटीपासून साधारण ५६० मीटरवर आहोत त्यामुळे पाणी ९८ लाच उकळतं, मी पहिल्यांदा तो खराब आहे म्हणून परत करायला निघाले होते. मुंबई, रत्नागिरी, पणजीवाल्यांना शंभर मिळेल. सुई मांडीच्या सगळ्यात जाड भागात, शरीराच्या बाजूने घालायची आणि हाडाला टेकू द्यायची नाही, हाडाला टेकली की आकडा भलताच येतो. ब्रेस्टमध्ये गळ्याच्या बाजूने आडवी घालायची. ७४ डिग्री हा सुरक्षित आकडा आहे, मी ब्रेस्ट ७१-७२ झालं की बाहेर काढते, कारण बाहेर ठेवल्यावर आतली उष्णता अजून दोन-तीन डिग्री वर नेते, मग दहा मिनिटांनी परत सुई घालून ७४ झालंय बघते. नसेल झालं तर परत पाच मिनिटं आत. हे बघणं सोडू नका.

रंगावर जाऊ नका ही गोष्ट मला कळायला फार वेळ लागला. आपल्याकडचं ब्रॉयलर पस्तीस-चाळीस दिवसांचं असतं, त्याची हाडं कोवळी आणि सच्छिद्र, आतल्या मज्जेतला लाल रंग शिजताना झिरपून हाडाभोवतीच्या मांसात येतो, कोंबडी फ्रोझन असेल तर आणखीच, कारण गोठताना हाडातल्या पेशी फुटतात. म्हणजे ८५ डिग्री झालेली मांडीसुद्धा हाडापाशी लालकाळी दिसू शकते आणि ती कच्ची नसते. मी अशा दोन-तीन कोंबड्या विनाकारण परत ओव्हनमध्ये घालून वाळवल्यात. फरक असा, कच्चं मांस चमकदार, थरथरतं असतं आणि हाडाला चिकटून राहतं, शिजलेलं हाडापासून सुटतं आणि नुसता डाग लाल असतो. तरी शंका आली तर थर्मामीटरच.

दुसरी गोष्ट ओव्हन खोटं बोलतो. ओव्हनमध्ये ठेवायचा वेगळा डायल थर्मामीटर मिळतो, तो मी जाळीवर ठेवला तर नॉब २०० वर आणि आत १६५-१७०. मी प्रीहीट दहा मिनिटं करत होते, त्याला माझ्या ओटीजीत वीस मिनिटं लागतात, आणि दर दहा मिनिटांनी दार उघडून बटर लावत होते, प्रत्येक वेळी सगळी गरम हवा बाहेर. आता मी नॉब २३० वर ठेवते तेव्हा आत खरे २०० असतात, तुमच्या ओव्हनचा फरक वेगळा असेल, तो एकदा मोजून नॉबच्या बाजूला पेनने लिहून ठेवा. अजून एक, गावाकडे नाहीतर शहराच्या कडेला राहत असाल आणि संध्याकाळी व्होल्टेज पडत असेल तर तेही कारण असू शकतं, २३० च्या जागी २०० व्होल्ट आले की रॉडची ताकद पाऊणपटीवर येते, बल्ब जरा मिणमिणतो एवढंच आपल्याला दिसतं पण ओव्हन तापतच नाही. माझी नणंद सासवडला राहते, तिचं रोस्ट दुपारी मस्त व्हायचं आणि रात्री बिघडायचं, कारण हेच निघालं.

आता दुकान. इथे आपला प्रॉब्लेम परदेशी रेसिपीवाल्यांपेक्षा वेगळा आहे कारण आपल्याकडे चिकनवाला न विचारता कातडी सोलून देतो, पिसं उपटण्यापेक्षा पिसांसकट कातडी ओढणं त्याला सोपं पडतं. आणि कातडी नसेल तर रोस्टचं अर्धं गणितच कोसळतं, कातडीखालची चरबी वितळून ब्रेस्टला ओलं ठेवते आणि हर्ब बटर कुठे भरणार ते ठिकाणही कातडीच. त्यामुळे ऑर्डर देतानाच सांगा, दादा, कातडी ठेवा, गरम पाण्यात घालून पिसं काढून द्या. पिसं काढायचं मशीन असलेल्या दुकानातच जा, मी कॅम्पात शिवाजी मार्केटला जाते, सकाळी लवकर गेलं की निवांत करून देतात. साफ केल्यावर सव्वा किलो भरेल अशी बघून घ्या, दोन किलोची मोठी घेऊ नका, जितकी मोठी तितका ब्रेस्ट आणि मांडीतला फरक वाढतो. कलेजी-पेटा पोटातून काढलाय का बघा, वेगळा मागून घ्या. आणि रोस्टला गावरान कोंबडी नको, चवीला ती कितीही भारी असली तरी तिचं वय जास्त, मांस घट्ट, ती रश्श्यालाच.

कातडीवाली मिळालीच नाही तर हर्ब रोस्टचा हट्ट सोडून आपली पद्धत करा, टांगलेलं दही, आलं-लसूण, तेल यांचा जाड थर. तंदुरीला कातडी नसतेच की, तिथे तो दह्याचा लेपच कातडीचं काम करतो, आणि तंगडीला खोल चिरा दिलेल्या असतात त्यातून उष्णता हाडापर्यंत पोचते. तीच युक्ती इथे वापरा, पण चिरा फक्त मांडी-तंगडीला द्या, ब्रेस्टला देऊ नका. पहिली तीस मिनिटं फॉइलने झाका, मग उघडा.

आता मला सगळ्यात जास्त उपयोग ज्याचा झाला ते. पाठीचा कणा कापून कोंबडी सपाट करणं. कोंबडी पालथी घालायची, शेपटीपासून मानेपर्यंत कण्याच्या दोन्ही बाजूंनी जाड कात्रीने कापत जायचं, कणा काढून टाकायचा (टाकायचा म्हणजे सूपसाठी डब्यात), मग उलटी करून छातीच्या मधोमध तळहाताने जोरात दाबायचं, कट असा आवाज येतो आणि ती पुस्तकासारखी उघडते. चिकनवाल्याला सांगितलं तर तो अर्ध्या मिनिटात करून देतो. यात काय होतं, मांड्या शरीराला चिकटून लपलेल्या होत्या त्या बाहेर उघड्यावर येतात, ब्रेस्टची उंची कमी होते म्हणजे वरच्या रॉडपासून लांब जातं, आणि सगळं एका पातळीत आल्याने सव्वा किलोची कोंबडी खऱ्या २०० डिग्रीला ४० ते ४५ मिनिटांत होते. मांड्या ओव्हनच्या मागच्या बाजूला ठेवायच्या, मागे जास्त तापतं आणि दार उघडलं तरी तिथली उष्णता टिकते. मी हे पहिल्यांदा केलं तेव्हा ब्रेस्ट ७३ आणि मांडी ८२, मी ते दोन आकडे बघत तशीच उभी राहिले होते. त्या दिवशी सासूबाईंनी ब्रेस्टचा दुसरा तुकडा स्वतःहून मागून घेतला.

अख्खीच टेबलावर न्यायची असेल, वाढदिवस वगैरे, तर मग हे करा. पोट ठासून भरू नका. मी आधी अख्खा कांदा, अख्खं लिंबू, बटाटे सगळं कोंबायचे आत, त्याने आतून उष्णता पोचतच नाही आणि सांधा आतूनच थंड राहतो, अर्धं लिंबू आणि हर्बच्या दोन काड्या पुरे. तंगड्या करकचून बांधू नका, फोटोत छान दिसतात पण मांडी शरीराला दाबली जाते आणि तिथेच कच्चं राहतं, बांधायच्याच तर सैल आणि सुती दोऱ्याने. पहिली २५ मिनिटं कोंबडी पालथी, म्हणजे ब्रेस्ट खाली आणि पाठ वर, मग उलटी करा. आणि जाळी खालच्या खाचेत. उलटवताना हात भाजतो, जाड टिशू घेऊन दोन हातांनी धरा, चिमट्याने कातडी फाटते. एकूण तास-सव्वा तास लागतो. अजून एक युक्ती आहे, ओव्हन तापेपर्यंत कोंबडी बाहेर ठेवतो तेव्हा ब्रेस्टवर बर्फाची पिशवी ठेवायची, तंगड्या जरा कोमट होतात आणि ब्रेस्ट थंड राहतं म्हणजे ते मागून सुरुवात करतं. काम करते ही, पण अर्ध्या तासाच्या वर नाही, एप्रिल-मेमध्ये तर अजिबात जास्त नाही.

फ्रोझन वापरत असाल तर आदल्या दिवशी, म्हणजे पूर्ण चोवीस तास आधी, फ्रीजच्या खालच्या कप्प्यात काढून ठेवा. ओट्यावर वितळवू नका. आणि लावण्याआधी पोटात हात घालून बघा, बाहेरून मऊ झालेली कोंबडी आतून बर्फ असते, माझ्या दोन कोंबड्या फक्त याच कारणाने कच्च्या राहिल्या होत्या आणि मी दोष तापमानाला देत होते.

मिठाबद्दल. आदल्या रात्री मीठ लावणं हा ब्रेस्टसाठी दुसरा मोठा उपाय. सव्वा किलोला १५ ग्रॅम बारीक मीठ, म्हणजे साधारण अडीच सपाट छोटे चमचे, त्यात अर्धं कातडीखाली ब्रेस्ट आणि मांडीवर चोळायचं, बाकी बाहेरून आणि पोटात. मीठ आधी पाणी ओढतं, मग त्या पाण्यासकट परत आत शिरतं आणि मांसातली प्रथिनं सैल करतं, त्यामुळे शिजताना ती पाणी धरून ठेवतात. पण याला वेळ लागतो, आयत्या वेळी लावलेलं मीठ वरच राहतं. बाजारातलं नेहमीचं पिवळं बटर खारट असतं, ते वापरणार असाल तर मीठ १२ ग्रॅमवर आणा, नाहीतर टिपलेला रस खारट ढोण होतो. रात्रभर कोंबडी फ्रीजमध्ये उघडी ठेवा, झाकण न लावता, खालच्या कप्प्यात म्हणजे तिचं पाणी भाजीवर पडणार नाही.

उघडी का, तर कातडी. कातडी कुरकुरीत होत नाही अशी तक्रार असेल तर कारण ९९ टक्के वेळा पाणी. आपल्याकडे चिकन हळद-मीठ लावून धुवायची सवय आहे, मी पण धुते, पण मग ते आतून-बाहेरून जुन्या सुती कापडाने कोरडं होईपर्यंत टिपायचं आणि कापड लगेच गरम पाण्यात. कातडीवर पाणी असेल तोवर ती शंभरच्या वर जाऊच शकत नाही, नुसती वाफवते. बटरमध्येही पाणी असतं, सोळा-सतरा टक्के, म्हणून मी आता कातडीच्या आत हर्ब बटर आणि वरून तूप लावते. तुपात पाणी नाही आणि ते लवकर करपत नाही, शिवाय वास, तो सांगायलाच नको. उंच काठाचा केकचा डबा वापरू नका, त्यात वाफ अडकते, उथळ ट्रे आणि वर जाळी. भोवती बटाटे-गाजरं रचायची तर थोडी, छोट्या ओव्हनमध्ये भाज्यांचं पाणीच सगळं मऊ करतं, मी बटाटे आधी उकडून घेते आणि कोंबडी बाहेर आल्यावर त्याच ट्रेमधल्या तुपात लावते. आणि बाहेर काढल्यावर फॉइल घट्ट गुंडाळू नका, दहा-पंधरा मिनिटं तशीच राहू द्या, लगेच कापली तर सगळा रस पाटावर.

हर्बचं एक वेगळं दुखणं, कडवटपणा. वरून शिंपडलेली रोझमेरी, किसलेला लसूण, हे २०० डिग्रीला वीस मिनिटांत काळे होतात. हर्ब नेहमी कातडीखाली, बटरमध्ये मिसळून. हलक्या हाताने, नख न लावता, गळ्याच्या बाजूने बोटं घालून कातडी सुटी करायची आणि मांडीपर्यंत जायचं. रोझमेरी अगदी बारीक चिरा नाहीतर दातात काड्या येतात. सुकी वापरली तर ताज्याच्या तिसरा हिस्सा. लसूण सालासकट अख्ख्या पाकळ्या ट्रेमध्ये, भाजून झाल्यावर तो मलईसारखा दाबून निघतो. थाइम मिळत नसेल तर कुंडीतली ओव्याची पानं घ्या, चार-पाचच, ती उग्र असतात, पण थाइमच्या जातीचाच वास आहे, ओव्यात आणि थाइममध्ये थायमॉल हेच द्रव्य असतं, मला तर तूप, लसूण आणि ओव्याची पानं हे मिश्रण आता रोझमेरीपेक्षा जास्त आवडायला लागलंय. कोथिंबीर यात घालू नका, भाजून तिची चव जाते, फार तर देठं पोटात.

कन्व्हेक्शन मायक्रोवेव्हवाल्यांनी फक्त कन्व्हेक्शन मोड वापरा, कॉम्बी (दोन्ही एकत्र चालणारा मोड) नको, कॉम्बीत मायक्रोवेव्हमुळे ब्रेस्टचं पाणी आतूनच उडतं. सपाट केलेली कोंबडी फिरत्या ताटलीवर भिंतीला घासते, त्यामुळे किलोभराचीच घ्या. ओव्हनच नसेल तर जाड बुडाच्या पातेल्यात करा, गोव्यात ख्रिश्चन घरांमध्ये रोस्ट असंच चुलीवर-गॅसवर पातेल्यात होतं, आधी चारी बाजूंनी तुपात लाल करायची मग मंद आचेवर झाकण ठेवून, अर्धा कप पाणी घालून, मांड्या खाली ठेवून. कातडी कुरकुरीत राहणार नाही पण हा तंगडी-ब्रेस्टचा घोळ तिथे फार कमी होतो कारण मांड्या थेट बुडाला असतात.

उरलेलं मांस जेवणं झाल्यावर दोन तासांच्या आत हाडांपासून सोडवून फ्रीजमध्ये टाका, उन्हाळ्यात तासाभरात. हाडं, काढून ठेवलेला कणा, कांद्याची एक फोड आणि चार मिरे कुकरमध्ये, बुडेल इतकं पाणी, एक शिट्टी झाली की गॅस बारीक करून अर्धा तास. ट्रेच्या तळाला चिकटलेलं तपकिरी असतं ना, ते गरम पाण्याने खरवडून त्यातच घाला.